उशिरा लागणारी उडी

मी उज्जैनच्या माधव नगरातला, रुचिरच्या टेबलावर पडलेला, हातात धरून खेळायचा जुना व्हिडिओ गेम. मला तोंड नाही, पण कान चांगले आहेत, आणि घरातलं सगळं ऐकायची सवय आहे.

कारखान्यातलं फारसं आठवत नाही. रुचिरच्या बाबांनी वीस वर्षांपूर्वी मला फ्रीगंजच्या दुकानातून आणलं. माझ्यात एकच खेळ: एक मुंगूस खड्डे ओलांडत बिळाकडे जातं. रुचिर आणि त्याची मोठी बहीण शर्वरी मला आळीपाळीने धरायची. मुंगूस उडालं की ह्यांचेही खांदे वर जायचे. हरली की बटण जोरात दाबायची, जशी काही चूक बटणाचीच. खरं सांगायचं तर थोडी होतीच.

मग ती मोठी झाली आणि मी कपाटात गेलो.

यंदा पुण्याच्या एका कंपनीने हाच गेम मोबाइलवर आणायचं काम रुचिरला दिलं. नोकरी सोडल्यावरचं त्याचं पहिलंच काम. अट एकच, उडी जुन्यासारखी हवी. म्हणून मी बाहेर निघालो. बटण दाबल्यापासून मुंगूस उडेपर्यंतचा वेळ त्याने माझे व्हिडिओ काढून मोजला आणि तसाच्या तसा मोबाइलमध्ये घातला.

कंपनीने गेम परत पाठवला. त्यांच्याकडच्या जुन्या गेमपेक्षा उडी उशिरा लागते म्हणे.

"जुन्यात अशीच आहे हो," रुचिर फोनवर म्हणाला. "बचपन से खेळतोय, मला माहीत नसणार?"

दुसऱ्यांदाही परत आला. सोमवारपर्यंत जमलं नाही तर काम दुसऱ्याला. आई ताट घेऊन दोनदा येऊन गेली.

रविवारी शर्वरीताई माहेरी आली. मला उचललं, बटण दाबलं, पुन्हा दाबलं आणि जीभ चावली.

"काय गं ताई?"

"ओरडणार नाहीस ना? हा आणला त्याच आठवड्यात तू मावशीकडे गेला होतास, तेव्हा ह्याच्यावर माझ्याकडून लिंबाची शिकंजी सांडली होती. वरून पुसून ठेवला. तेव्हापासून बटण चिकटतं."

"बीस साल, ताई! आणि एकदाही बोलली नाहीस?"

"तू रोज खड्डे पार करत होतास. म्हटलं, चल रहा है, कशाला सांगा."

मला हे पहिल्या दिवसापासून माहीत होतं. कोणी विचारलं नाही.

रुचिरने मला उघडून बटणाखालची वाळलेली शिकंजी स्पिरिटच्या बोळ्याने पुसली. आता दाबलं की मुंगूस लगेच हवेत. वेळ नव्याने मोजून त्याने सोमवारी सकाळी गेम पाठवला. संध्याकाळी उत्तर आलं, "हीच ती उडी." आईने देवापुढे साखर ठेवली.

मग रुचिर निवांत मोबाइलवर खेळायला बसला आणि पहिल्याच खड्ड्यात पडला. पुन्हा पडला. बटण आधी दाबायची वीस वर्षांची सवय. आता मुंगूस काठाच्या अलीकडेच उडतं आणि बरोब्बर खड्ड्यात उतरतं. आईने जन्मात पहिल्यांदा गेम हातात घेतला आणि दोन खड्डे पार केले.

तेव्हा माझी एवढीच विनंती आहे, काम झालं म्हणून मला उचलून ठेवू नका. ह्या मुलाला उडी पहिल्यापासून शिकवायची आहे, आणि मला सध्या वेळ आहे.