सगळ्याला हो म्हणणारं अस्वल

अस्वलाच्या पिंजऱ्यापुढे मुंगी शिरायला जागा नव्हती. भगव्या कफनीतल्या महाराजांनी हात वर केला, "अस्वलात देव आलाय. विचारा, निःशंक विचारा!" आतलं अस्वल मान वर-खाली करू लागलं. बदली होईल? हो. मुलगा पास होईल? हो. इतका झटपट होकार आमच्या ऑफिसात कधी कुणाला मिळालेला नाही.

मी इथल्या प्राणिसंग्रहालयाच्या तिकीटखिडकीत बसते. हे अस्वल रोज पाहते. मला तरी अक्कल हवी होती! पण खिडकी लावून मीही रांगेत, सोबत नणंद. मी विचारलं, "आमच्या ह्यांचं घोरणं थांबेल?" हो! तरीही घर दणाणतच राहिलं. मी म्हटलं, सूर जरा मऊ झालाय.

मग आमच्या जनावरांच्या डॉक्टरबाईंनी अस्वलाला मागच्या मोकळ्या आवारात न्यायचं ठरवलं. महाराज गरजले, "जागा हलवाल तर कोप होईल!" अस्वलाला न्यायला आलेल्या गाडीपुढे भक्त ठाण मांडून बसले. सर्वांत पुढे कोण? चटई अंथरून मीच.

"ताई, उठा हो," डॉक्टरबाई म्हणाल्या. "खंगत चाललंय ते. इथेच ठेवलं तर हातचं जाईल."

"देवाला कसलं खंगणं?" नणंद फणकारली.

"बरं, मग मीही विचारते." त्या गजांजवळ गेल्या. "हे महाराज भोंदू आहेत का?"

अस्वलाने मान हलवली. जोरात.

कुणीतरी फिसकन हसलं. महाराज ओरडले, "देवता रागावली आहे!"

डॉक्टरबाईंनी अस्वलालाच विचारलं, "रागावलास?" हो. "नाही ना रागावलास?" हो.

"आता कुणीच काही बोलू नका," डॉक्टरबाई म्हणाल्या. सगळे गप्प. मान चालूच.

"ते तुमचं ऐकतच नाही. सिमेंटच्या खोलीत करण्यासारखं काही नसलं की जनावराला असा चाळा लागतो. खाणं यायच्या आधी तो वाढतो. महाराज नेमके तेव्हाच येतात. पोट भरल्यावर या म्हणावं!"

महाराजांना एकाएकी कुठलंसं महत्त्वाचं काम आठवलं.

"म्हणजे ते हाल सोसत होतं, आणि मी त्याला घोरणं सांगत होते?"

"तुम्ही एकट्या नाही, ताई."

"हा काही दिलासा नाही, डॉक्टर." मी चटई गुंडाळली. गुडघे कुरकुरले.

"वहिनी, आता कुणाला विचारायचं?"

"नाक-घशाच्या डॉक्टरांना!"

गाडी निघाली.

आता अस्वल माती उकरतं, पोकळ ओंडक्यात लपवलेली फळं शोधतं, आमच्याकडे पाठ करून बसतं. अंगही धरू लागलंय. जुना चाळा एकदम सुटत नाही. मधूनच मान हलते. ती हलली की अजून कुणीतरी हात जोडतं. मी खिडकीतून ओरडते, "अहो, सगळ्याला हो म्हणणारा दिसला की नवस बोलू नका. त्याला काय दुखतंय ते आधी बघा!"