झारीतलं पाणी

बाजारामागच्या गल्लीत, चष्मेवाला आणि कुलपं-किल्ल्यावाला यांच्या मधोमध तिचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान होतं. दुकान कसलं, दोन गिऱ्हाईकं उभी राहिली की तिसऱ्यानं श्वास आवरून घ्यावा एवढी जागा. पाण्यात पडलेले, जिन्यावरून गडगडलेले, कुत्र्यानं चावलेले फोन ती असे काही जिवंत करायची की सगळी गल्ली तिला डॉक्टरीणबाई म्हणायची. पंचेचाळिशीची बाई, एकटी, तोंडाची फटकळ आणि हाताची हलकी. भुताखेतांवर तिचा काडीचा विश्वास नव्हता. "भूत म्हणजे सैल झालेली वायर," असं ती म्हणायची.

एका दुपारी तिच्याकडे एक म्हातारे गृहस्थ आले. छापखान्यात चाळीस वर्षं त्यांनी खिळे जुळवले होते, म्हणजे शिशाचं एकेक उलटं अक्षर वेचून ओळी लावल्या होत्या. नोकरी संपून जमाना झाला, छापखानाही बंद पडला, पण डावा हात अजून छातीशी वाकलेला असायचा, जणू ओळी लावायची पट्टी त्यात धरलीय. उजव्या हाताची बोटं हवेतून काहीतरी वेचत राहायची.

त्यांनी काउंटरवर एक जुना फोन ठेवला.

"बिघडलाय का, काका?"

"नाही. हा माझ्या बायकोचा. ती जाऊन सात महिने झाले." ते थांबले. "यात एक बागेचा गेम आहे. ती रोज दुपारी तीनला खेळायची. बाई, ती गेल्यापासून हा गेम कुणी खेळलेलं नाही, फोन चार्जिंगला असतो, मी नुसता उघडून बघतो. पण बागेला रोज तीन वाजता पाणी घातलं जातं."

डॉक्टरीणबाईंनी गेम उघडून पाहिला. एक बैठं घर, पुढे वाफे. पाणी घालते ती निळ्या कपड्यांतली एक इवलीशी बाई, असं काकांनी सांगितलं. ती आता दिसत नव्हती, घराचं दार बंद होतं. कोपऱ्यात झारीचं चित्र आणि आकडा : ४३.

"एवढ्याच वेळा पाणी घालता येईल," काका म्हणाले. "पूर्वी झारी भरता यायची. तो गेम बनवणाऱ्यांनी आता बंद केलाय, भरायची सोयच गेली. त्रेचाळीस दिवसांनी झारी रिकामी होईल. मग ती काय करेल?"

'ती' म्हणजे कोण, हे बाईंनी विचारलं नाही. गेममध्ये आपोआप पाणी घालायची सोय असणार आणि म्हाताऱ्याला ते ठाऊक नसणार, एवढंच त्यांच्या मनात आलं. पण म्हाताऱ्याचं मन मोडायला त्यांची जीभ रेटेना.

"आकडा वाढवता येतो," त्या म्हणाल्या. "चारचौघांशी खेळायचा गेम असता तर मी हात लावला नसता, ती लबाडी झाली. हा तर एकट्याचा आहे. बघू."

आणि त्या कामाला लागल्या. आधी फोनमध्ये एक ॲप टाकलं, फोनच्या पोटात दुसरा फोन तयार करणारं. बागेचा गेम सगळ्या साठवणीसकट त्यात नेला. मग त्याच्याच शेजारी आकडे शोधणारं हत्यार बसवलं, त्याला इतर ॲपच्या वर दिसायची परवानगी दिली. पडद्याच्या कडेला एक छोटा गोल तरंगू लागला.

"चालू गेमचे सगळे आकडे फोनच्या मेमरीत असतात," त्यांनी समजावलं. "हे हत्यार ती मेमरी चाळतं. आता आपण त्रेचाळीस शोधू. हे बघा, सतराशे ठिकाणी त्रेचाळीस आहे. त्यातली झारी कुठली? आता एकदा पाणी घालायचं, आकडा बेचाळीस होईल. मग या सतराशेतून बेचाळीस कुठे झालं तेवढंच शोधायचं. गाळत गाळत एकच जागा उरते."

"खिळ्यांच्या पेटीतून हवं ते अक्षर हुडकायचं," काका म्हणाले. त्यांचे डोळे बाईंच्या बोटांवर खिळले होते.

"तेच. फक्त फोन बंद करायचा नाही. बंद केला की सगळ्या जागा बदलतात, पहिल्यापासून सुरुवात."

बाईंनी पडद्यावरच्या दारावर टिचकी मारली. उघडेना. झारीवर मारली, वाफ्यावर मारली. गेम दगडासारखा ढिम्म.

"माझंही ऐकत नाही," काका म्हणाले. "तीन वाजू द्या."

तीनला वीस मिनिटं होती. फोन काउंटरवर मधोमध ठेवला होता, दोघांचे हात त्यापासून लांब. समोरच्या घड्याळात तीन वाजले आणि पडद्यावरचं दार उघडलं. निळी बाई बाहेर आली. तिनं झारी उचलली, एकेका वाफ्यापाशी थांबून पाणी घातलं. शेवटच्या रोपाशी वाकून तिनं त्याचं पान पुसलं. असलं काही गेममध्ये असतं हे डॉक्टरीणबाईंनी कधी पाहिलं नव्हतं. मग ती आत गेली, दार लागलं. आकडा ४२.

"पान पुसायची सवय तिचीच," काका हळूच म्हणाले. "घरातल्या कुंडीचंसुद्धा पुसायची."

बाईंनी बेचाळीस शोधलं. एकच जागा उरली. तिथं त्यांनी नऊ हजार नऊशे नव्व्याण्णव लिहिलं. झारी काठोकाठ भरली. काकांनी दोन्ही हात जोडले. बाईंनी पैसे घेतले नाहीत.

दुसऱ्या दिवशी शटर वर जातंय तोच काका दारात हजर. चेहरा पांढराफटक.

"ती थांबत नाहीये."

फोनमध्ये निळी बाई वाफ्यांतून फिरत होती. घाली पाणी, घाली पाणी. बागेचा चिखल झाला होता, रोपं माना टाकून पडली होती. तिची पावलं आता लहान पडत होती, मधूनच ती झारी खाली टेकवायची, घराच्या दाराकडे बघायची आणि पुन्हा उचलायची.

"मी हे काय केलं हो?" काका म्हणाले. "जिवंत असतानाही तिला कधी बस म्हटलं नाही मी. आता तरी... पूर्वीइतकंच करा. जेवढं होतं तेवढंच."

बाईंनी घाईघाईनं बेचाळीस लिहिलं. निळी बाई जागच्या जागी थांबली, झारी ठेवून आत गेली.

काकांनी त्या बंद दाराकडे बघत विचारलं, "बागेत माणसं किती, हाही आकडाच असेल ना?"

"असणारच."

"एक असेल."

"हो."

"त्याचे दोन करता येतील?"

बाई हसल्या. मग काकांचं तोंड बघून त्यांचं हसू ओठांवरच वाळलं.

"नाही काका. 'एक' हा आकडा मेमरीत लाखो ठिकाणी असतो. समुद्रात पडलेली सुई एकवेळ सापडेल. आणि सापडला तरी मी हात लावणार नाही. कालच्यानं शहाणपण आलंय मला."

"बरोबर आहे," म्हणत काकांनी फोन खिशात घातला आणि ते निघून गेले. ते हत्यार फोनमधून काढून टाकायला हवं होतं, हे बाईंना संध्याकाळी भाजी चिरताना सुचलं.

पाच-साडेपाच आठवडे गेले. एका सकाळी काका पुन्हा आले. चार्जर आणि वायरीसकट तोच फोन त्यांनी काउंटरवर ठेवला. तब्येत सुधारली होती, गालांवर तजेला होता. ओठांत कसलीशी चाल गुणगुणत होते.

"बाई, हा कुणाचा तरी फोन माझ्या घरी राहिलाय. मागे तुमच्या दुकानाची चिठ्ठी चिकटवलीय. ज्याचा असेल त्याला द्या."

"काका, अहो हा तुमच्या बायकोचा ना?"

काका खळखळून हसले. "माझी कुठली आलीय बायको!" मग कपाळाला आठी घालून म्हणाले, "असेल म्हणा. लेक आहे, तेव्हा बायको असणारच. लेक परवा फोनवर हेच म्हणत होती, रडत होती बिचारी. मला मात्र काही आठवत नाही."

ते वळून चालू लागले, तेव्हा बाईंना काय खटकतंय ते कळलं. त्यांचा डावा हात छातीशी नव्हता. दोन्ही हात सरळ, मोकळे, चारचौघांसारखे लोंबत होते.

बाईंनी फोन उघडला. बागेत दोघं होती. दुसरी आकृतीही तशीच निळी, तसलीच इवलीशी, पहिलीची हुबेहूब नक्कल. फक्त तिचा डावा हात छातीशी वाकलेला होता. कडेला हत्यार उघडंच होतं आणि त्यात एकच जागा, एकच आकडा : २. पुढे कुलपाची खूण.

हे काकांनी कसं साधलं ते बाईंना चटकन उमगलं. निळी बाई बाहेर आली की बागेत एक, आत गेली की शून्य. रोज तीन वाजता एक शोधायचा, ती आत गेली की शून्य. लाखो जागा रोज थोड्या थोड्या गाळायच्या. चाळीस वर्षं खिळे वेचलेल्या माणसाला ते काय जड! शेवटी एक जागा उरली, तिथं त्यांनी दोन लिहिले आणि आकडा हलू नये म्हणून गोठवला.

त्याच दुपारी काकांची लेक आली. परगावी शाळेत शिकवायची, रडून रडून डोळे सुजलेले, प्रवासाची पिशवी अजून खांद्यावर.

"ताई, बाबांचं डोकं ठणठणीत आहे. डॉक्टरांनी तपासलं. माझा वाढदिवस आठवतो, छापखान्यातल्या मालकाची थेरं आठवतात, विजेच्या मीटरचा नंबरसुद्धा पाठ आहे. फक्त आई नाही. भिंतीवरचा फोटो बघून मला विचारतात, या कोण? तुमच्या दुकानातून आल्यापासून ते फोन घेऊन बसायचे, असं शेजारीण म्हणते. काय केलंत तुम्ही?"

बाईंनी काही लपवलं नाही, पहिल्यापासून सगळं सांगितलं. लेकीनं आधी त्यांच्याकडे वेड्याकडे बघावं तसं बघितलं. मग तिनं फोन हातात घेतला. तीन वाजायला आले होते, झारीवर आकडा होता ३. दोघं वाफ्यांच्या कडेला उभी होती. घराच्या दाराशी जायची आणि परत फिरायची.

"आत का जात नाहीत?"

"आकडा गोठवलाय. बागेत दोन म्हणजे दोनच. दोघांनाही आत जाता येत नाही."

तीन वाजले. पहिलीनं झारी घेतली, वाफ्यांवरून फिरली, पान पुसलं. दुसरी तिच्या मागोमाग चालत रोपांतून काहीतरी वेचत होती. लेकीच्या तोंडून अस्फुट "बाबा" बाहेर पडलं.

"ताई, उलटं करा. दोनाचा एक करा."

बाईंनी बोट आकड्यावर नेलं आणि मागे घेतलं.

"करते. पण एक सांगते. आकडा म्हणजे नुसता आकडा, त्याला नाव नसतं. एक लिहिलं तर एक उरेल. कोण जाईल आणि कोण राहील, हे माझ्या हातात नाही. गेलेला तुमच्या बाबांकडे परत येईल की कुठंच जाणार नाही, तेही माहीत नाही."

लेक खुर्चीवर बसली. बाहेर किल्लीवाल्याचं यंत्र किरकिरत होतं. पडद्यावर दोघं पुन्हा दाराशी जाऊन परतली.

"आईला एकटीला सोडून बाबा कधी झोपलेसुद्धा नाहीत," ती पडद्याकडे बघत म्हणाली. "असू द्या दोन. पण निदान आत जाऊ द्या त्यांना."

बाईंनी कुलपाची खूण काढली. पहिलीनं दार ढकललं. दुसरीनं उंबऱ्याशी क्षणभर थांबून बाहेर बघितलं, थेट पडद्याबाहेर, असं लेकीला आणि बाईंना, दोघींनाही वाटलं. मग दार लागलं. हत्यारातला आकडा शून्य झाला.

त्यानंतरचे दोन दिवस लेक दुकानात यायची. दुसऱ्या दिवशी तीनला कोण बाहेर येईल, एक की दोघं, या धास्तीनं डॉक्टरीणबाईंनी सकाळपासून एकाही फोनचं झाकण उघडलं नव्हतं. दार उघडलं आणि दोघं आली. तिसऱ्या दिवशीही आली. शेवटचं पाणी एका रोपाला कमी पडलं, तेव्हा पहिलीनं झारी उलटी करून झटकली, ती वाफ्याच्या कडेला पालथी ठेवली आणि दुसरीचा वाकलेला हात धरून तिला आत नेलं. झारीचा आकडा शून्य. त्यानंतर तीन वाजले तरी दार उघडलं नाही.

लेकीनं घर आवरलं आणि बाबांना आपल्याकडे घेऊन गेली. तो फोन तिनं कपाटावर चार्जिंगला लावून ठेवलाय, उघडून मात्र बघत नाही. डॉक्टरीणबाई आता कितीही गळ घातली तरी ते हत्यार कुणाच्या फोनमध्ये बसवत नाहीत. भूत म्हणजे सैल वायर, हेही त्या हल्ली म्हणत नाहीत.

मध्यंतरी लेकीचा फोन आला होता. बाबा मजेत आहेत म्हणाली. भूक चांगली लागते, बायकोचं दुःख नाही की काही नाही. ती रोज जेवताना त्यांना आईची एखादी गोष्ट सांगते, कुणा परक्या बाईची सांगावी तशी. कशी भांडायची, कशी रोपांची पानं पुसायची. ते घास हातात धरून ऐकत राहतात, मध्येच "मग? पुढं काय झालं?" विचारतात.

"काल काय म्हणाले माहितीय, ताई?" लेक म्हणाली. तिचा आवाज हसत होता की रडत होता, ते बाईंना कळलं नाही. "म्हणाले, चांगली होती गं ती बाई. भेटली असती तर बरं झालं असतं."