विहिरीचं गाणं

१९५५ च्या उन्हाळ्यात फिनलंडात कुठंही जा, तीनच गाणी कानावर पडायची. एक खलाशाचं, एक लाकूडतोड्याच्या रुसलेल्या बायकोचं, आणि तिसरं विहिरीचं. पहिल्या दोहोंवर लोक नाचायचे. तिसरं लागलं की नाचणारेही मधेच थांबायचे.

हे तिसरं लेंपी सुइक्कानेननं लिहिलंय, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. कुओपिओतल्या एका लाँड्रीत ती चादरींना इस्त्री करायची. एका दुपारी तिनं कपड्यांच्या चिठ्ठ्यांमागं चार कडवी उतरवली आणि भलत्याच नावानं हेलसिंकीच्या एका संगीतकाराला पाठवून दिली. वर्षभर काही कळलं नाही. मग मे महिन्यात, वाफेनं भरलेल्या त्या खोलीत, रेडिओवर एक बाई तिचेच शब्द गाऊ लागली. लेंपीच्या इस्त्रीखालची चादर करपली तरी तिला वास आला नाही.

घरी ती काही बोलली नाही. बोलणार कशी? गाण्यातली विहीर त्यांच्या सुटलेल्या गावातली होती. अकरा वर्षांपूर्वी युद्धात सरहद्द सरकली, कारेलियातलं त्यांचं गाव पलीकडं रशियात गेलं, आणि तेव्हापासून तिच्या वडिलांनी, तहवो म्हाताऱ्यानं, गावाचं नाव काढलं नव्हतं. दुसऱ्या कुणी काढलं, तर तो उठून बाहेर जायचा.

जुलैतल्या एका रविवारी दोघं आगबोटीनं तळ्यातून मावशीकडं निघाली. डेकवर लख्ख ऊन होतं. लोक मासे भरलेल्या राय धान्याच्या भाकरीची शिदोरी सोडून बसले होते. अ‍ॅकॉर्डियनवाल्यानं आधी खलाशाचं वाजवलं आणि लगेच विहिरीचं सुरू केलं.

आधी एक म्हातारी गुणगुणली. मग तिच्या शेजारचे दोघे. बघता बघता सगळा डेक गाऊ लागला. दोन बर्चच्या झाडांमधली विहीर, काठावर आईनं पालथी घातलेली बादली. हे लेंपीनं कधी कुणाला सांगितलं नव्हतं, आणि आज ते दोनशे अनोळखी माणसांना तोंडपाठ होतं! समोरून ओंडक्यांचा तराफा चालला होता. त्यावरच्या माणसांनी पुढची ओळ उचलली, आणि तळ्याच्या दोन्ही अंगांनी गाणं येऊ लागलं. लेंपी कठडा धरून उभी राहिली. आपण एवढंसं काही लिहिलं होतं, हे एवढं कधी झालं?

"तीन," शेजारून आवाज आला.

"काय बाबा?"

"बर्च तीन होते. कुण्या शहाण्यानं दोन लिहिलेत?"

"तिसरा ओळीत बसत नव्हता," ती बोलून गेली.

म्हाताऱ्यानं वळून पाहिलं.

"तू?"

"हो."

"गाढवे," तो म्हणाला. पण तो उठून गेला नाही.

समोरच्या बाकावरची एक बाई डोळे पुसत पुढं सरकली. "आजोबा, बर्च दोनच होते. कारेलियात, सोर्तावालाजवळ, आमच्या अंगणातली विहीर आहे ही."

"तुमची? अहो बाई, माझ्या बापानं खणलीय ती!"

"मग सांगा बघू, पाणी कसं होतं?"

आणि तहवोनं सांगितलं. पाण्याला लोखंडाची चव होती. हिवाळ्यात कुऱ्हाडीनं बर्फ फोडावा लागे. लेंपीची आई विहिरीत वाकून हाक मारायची, कारण आतून आपलाच आवाज तरुण होऊन येतो म्हणे. यातलं कितीतरी लेंपी पहिल्यांदाच ऐकत होती. मागून एक धिप्पाड शेतकरी आला आणि म्हणाला, ही विहीर आपल्या मामाची. कुणी हसलं नाही. त्याला बाकावर जागा करून दिली.

मावशीचा धक्का आला. शिट्टी झाली.

"बाबा, उतरायचंय."

"पुढच्या धक्क्यावर उतरू," म्हातारा म्हणाला आणि त्या बाईकडं वळला. "हां, तर आमच्याकडं एक तांबडी गाय होती..."