कोलूवरचा फोन

त्या काळी कॉर्डलेस फोन म्हणजे तंजावरात केवढी नवलाई! कनकलताच्या घरी तो जावयाने, श्रीकरने, मस्कतहून आणला होता. म्हणून नवमीच्या आयुधपूजेला तिच्या सासूने, हिराबाईंनी, फोनचा तारेला जोडलेला डबा कोलूवर, म्हणजे नवरात्रात पायऱ्यांवर मांडलेल्या बाहुल्यांमध्ये, सरस्वतीच्या पायाशी बसवला, कुंकू लावलं आणि भोवती लुकलुकत्या दिव्यांची माळ गुंडाळली. पूजेला बसवलेली वस्तू दशमीपर्यंत हलवायची नाही. रिसीव्हर तेवढा कनकलताने कमरेशी खोचून ठेवला. मस्कतला तिची लेक लावण्या बाळंतपणात अडली होती.

संध्याकाळी फोन वाजला.

"अम्मा, लावण्याला शुद्ध नाही. लहानपणी कुठल्या इंजेक्शनने ती सुजली होती? डॉक्टर खोळंबलेत."

"पेनिसिलिन! श्रीकर, पेनिसिलिन!"

"काय? नुसती खरखर येतेय!"

मोकळ्यावर नीट ऐकू जाईल म्हणून ती अंगणात धावली. झालं उलटंच. डब्यापासून लांब गेल्यावर त्याचाही आवाज फाटला आणि फोन तुटला. तिकडचा नंबर कुणाला ठाऊक होता? विहिरीचा कठडा धरून ती रिसीव्हरकडे बघत राहिली. वाज रे बाबा, एकदा वाज.

वाजला. ती धावत कोलूपाशी आली.

"अम्मा, मोठ्याने बोला!"

खर्र. शांत. खर्र. समोर माळ पेटत होती, विझत होती. पेटली की खर्र, विझली की शांत.

कनकलताने माळेची पिन उपटली.

"अगं, नवमीचे दिवे!" हिराबाई ओरडल्या. "डोकं फिरलं की काय तुझं?"

"समई आहे की, अत्ते! तुमच्या नातीचा जीव जातोय तिकडे!"

अजून बारीक गुणगुण येतच होती. तिने ट्यूबलाइट बंद केली आणि पितळी मूर्तींच्या गर्दीतून फोनचा डबा ओढून काढला. एक बाहुली पडून फुटली.

"पेनिसिलिन, श्रीकर. देऊ नका."

"पेनिसिलिन! कळलं!"

फोन तसाच टाकून तो पळाला. आता तिकडचं सगळं स्वच्छ ऐकू येत होतं. बुटांचे आवाज, ढकलगाडीची चाकं, कुणाचं तरी अरबीतलं ओरडणं. लावण्याचा आवाज तेवढा नव्हता.

"अम्मा, दिलं नाही, दुसरं देतायत. ऑपरेशनला नेतायत तिला. मी करतो फोन."

समईच्या उजेडात हिराबाई फुटलेल्या बाहुलीचे तुकडे पदरात गोळा करत होत्या.

"आता तरी लावू का गं माळ?" त्यांनी रडवेल्या आवाजात विचारलं.

"नको," डबा पोटाशी धरून कनकलता म्हणाली. "अजून फोन यायचाय."