टीच्या कप्प्यातलं वळं

हिलरीबाईंचं चाळीस वर्षांचं नाव मी एका महिन्यात मातीत घालायला निघाले होते, आणि तेही भक्तिभावाने. आधी हे कबूल करते, मग पुढचं सांगते.

मी आसावरी सबनीस. मूळची नाशिकची, तोंडाने फटकळ. नवरा देवदत्त तेल कंपनीत इंजिनियर, मुलगी अवनी तेरा वर्षांची, मुक्काम सौदीत, धाहरानच्या कंपनी-कॅम्पात. हिलरी विटकोंब आमच्याच गल्लीत राहायच्या. वय एकोणसाठ, उंच, काटक, उन्हाने हात तांबूस झालेले. त्यांचा नवरा भूगर्भशास्त्रज्ञ. आमचं बोलणं अर्थातच इंग्रजीत चालायचं, पण मला त्या मराठीतच आठवतात, त्याला माझा इलाज नाही.

बाई एकविसाव्या वर्षी आपल्या परगण्याच्या गोल्फ चॅम्पियन झाल्या. इंग्लंडकडून खेळल्या, कपाटभर चांदी जिंकली. चोविसाव्या वर्षी एक कंपनी पैसे घेऊन दारात आली, आमच्या काठ्यांनी खेळा म्हणून. बाईंनी चहा पाजून परत पाठवलं. का, तर त्या हौशी खेळाडू. गोल्फमध्ये या शब्दाला फार धार आहे. खेळायचे किंवा शिकवायचे पैसे एकदा घेतलेत की तुम्ही धंदेवाईक, आणि हौशी स्पर्धांचं दार तुम्हाला बंद. बाईंनी कधी छदाम घेतला नाही. फक्त एक चषक त्यांना सारखा हुलकावणी देत होता, इंग्लंडच्या ज्येष्ठ महिलांचा. दोनदा एकेका फटक्याने गेला. दर सप्टेंबरला बाई तिकडे जायच्या आणि हात हलवत परत यायच्या.

बाकी वर्षभर सराव कुठे? वाळूत. आमच्या कॅम्पाच्या त्या मैदानावर औषधालाही गवत नव्हतं. प्रत्येकाने हिरव्या नकली गवताचा एक तुकडा हातात घेऊन फिरायचं, चेंडू पडेल तिथे तो अंथरायचा, त्यावर चेंडू ठेवून मारायचा. खड्ड्याभोवतीची जागा तेल पाजून घट्ट केलेल्या वाळूची, म्हणून तिला ग्रीन नव्हे तर ब्राउन म्हणायचे. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा पोट धरून हसले. "सारवलेलं अंगण दिसतंय!" मी म्हणाले. बाईंनी न हसता माझ्या हातात काठी दिली. "मार."

त्या दिवसापासून दोन वर्षं, आठवड्यातून चार दिवस, पहाटे पाचला बाईंनी मला शिकवलं. एक पैसा नाही, एक कपडा नाही, माझे बेसनाचे लाडूसुद्धा एकच उचलून बाकीचे परत. "मान खाली. पुन्हा." एवढंच त्यांचं कौतुक. चाळिशीला टेकलेली मी, शाळेनंतर धावलेही नव्हते, आणि मला खेळता येऊ लागलं. रात्री अंथरुणावर पडलं की हातात तो नेमका बसलेला फटका जाणवायचा आणि लहान मुलीसारखा आनंद व्हायचा.

आता तुम्हीच सांगा, अशा माणसाला गुरुपौर्णिमेला रिकाम्या हाताने नमस्कार करायचा? आमच्या घरात पेटीवाल्या मास्तरांना सुद्धा कधी कोणी तसं पाठवलं नाही. शेजारच्या खोबर शहरातल्या सोनारबाजारात जाऊन मी सोन्याचं एक वळं घेतलं. लाल पुरचुंडीत बांधलं, वर हळदकुंकवाचं बोट लावलं. हातात दिलं तर घेणार नाहीत हे माहीत होतं, म्हणून खेळ संपल्यावर बाई पाणी प्यायला गेल्या तेव्हा त्यांच्या पिशवीच्या एका लहानशा कप्प्यात गुपचूप सरकवलं. बरोबर चिठ्ठी, 'तुमच्या विद्येसाठी'.

एक दिवस गेला, आठवडा गेला, तीन आठवडे गेले. बाई चकार शब्द बोलेनात.

"साधं थँक्यू नाही रे!" मी घरी धुसफुसले. "आणि म्हणे इंग्रज लोक सभ्य!"

"घेतलं ना? मग झालं," देवदत्त म्हणाला. त्याला सगळंच झालेलं असतं.

तेवढ्यात साबिरा आली. ही हैदराबादची, कॅम्पाच्या साप्ताहिकात बायकांचं पान लिहायची. गोल्फ शिकणाऱ्या गृहिणी असा लेख करत होती. मी काय, फुगलेच. गुरुपौर्णिमा, दक्षिणा, सोनं, सगळं सांगून टाकलं.

"दक्षिणा मतलब? फीस?" तिने विचारलं.

"हां, वैसाही समझो," मी म्हणाले. माझी जीभ तेव्हाच का झडली नाही!

लेख छापून आला त्याच संध्याकाळी बाई दारात उभ्या. एका हातात साप्ताहिक, दुसऱ्या हातात ती लाल पुरचुंडी, गाठ न सोडलेली. ओठ पांढरे पडले होते.

"हे वाचून पिशवी उलटीपालटी केली, तेव्हा आत्ता सापडलं. लाकडी टी ठेवायच्या कप्प्यात."

माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. टी म्हणजे चेंडू ठेवायची छोटी खुंटी, ती जमिनीत रोवावी लागते. गवतात रोवतात. आमच्याकडे सगळा कारभार तुकड्यावरचा, त्यामुळे तो कप्पा उघडायचा तो थेट इंग्लंडात. आणि मी महिनाभर बाईंना माणूसघाण्या म्हणत होते.

"ही शिकवण्याची फी आहे का?" बाईंनी विचारलं.

"फी कसली! मान आहे तो!"

"मी शिकवलं म्हणून दिलंस?"

"मग काय, शेजारीण म्हणून सोनं वाटत फिरते मी?"

बाई खुर्चीत बसल्या. "चाळीस वर्षं, आसावरी. माझ्या वडिलांचं भाजीचं दुकान होतं. त्या कंपनीचे पैसे घेतले असते तर ते दोन वर्षं आधी घरी बसले असते. नाही घेतले. आता पाच आठवड्यांवर स्पर्धा आहे, आणि माझ्या पिशवीत सोनं, आणि ही छापील पावती."

"पण कॅम्पातला हा चिटोरा इंग्लंडात कोण वाचतंय?"

"मी वाचला ना. मी आजच संघटनेला कळवणार आहे. ते नाही म्हणाले तर नाही."

मला राग आला, खरंच आला. माझी श्रद्धा म्हणजे यांच्या लेखी लाच? मी तसं बोलूनही दाखवलं. बाईंनी पुरचुंडी टेबलावर ठेवली आणि निघून गेल्या. त्या गेल्यावर मी स्वयंपाकघरात जाऊन ढसाढसा रडले. त्या चषकाची उरलीसुरली आशा मी हळदकुंकू लावून बुडवली होती.

"वाढदिवसाची भेट होती म्हणून संघटनेला लिही," देवदत्तने तोडगा काढला. "खलास!"

"त्यांचा वाढदिवस मार्चमध्ये असतो."

"त्यांना कुठे माहीत?"

"मला माहीत आहे ना!" असं म्हणाले आणि माझं मलाच चमकल्यासारखं झालं. बाईंचंच वाक्य माझ्या तोंडात आलं होतं.

अवनी गृहपाठ करत होती. मान वर न करता म्हणाली, "बट आई, हिलरी आंटीने मांगा था क्या? तू सांगतेस त्या स्टोरीजमध्ये गुरू मागतो. तू तर बॅगमध्ये टाकून पळालीस. दॅट्स नॉट दक्षिणा, दॅट्स जस्ट वीअर्ड."

मी लाटणं खाली ठेवलं. कार्टीचं बरोबर होतं. दक्षिणा काय द्यायची हे विचारायचं असतं. मी विचारलंच नव्हतं. हौस माझी, घाई माझी, आणि नाव मात्र परंपरेचं.

त्याच रात्री मी संघटनेला पत्र लिहिलं आणि सकाळी देवदत्तच्या ऑफिसातून फॅक्स करायला लावलं. काही लपवलं नाही. लिहिलं की, वळं मी शिकवल्याबद्दलच ठेवलं, हे खरं आहे. पण आमच्या रीतीप्रमाणे काय घ्यायचं ते गुरू सांगतो, आणि माझ्या गुरूने दोन वर्षांत एका लाडवापलीकडे काही मागितलं किंवा घेतलं नाही. त्यांना न विचारता ते पिशवीत टाकणं हा माझा आगाऊपणा. पुरचुंडी न उघडता परत आली आहे. शिक्षा करायची तर मला करा.

बाईंचं पत्र वेगळं गेलं होतं. उत्तर यायला बारा दिवस लागले. त्या बारा दिवसांत आम्ही रोज पहाटे पाचला मैदानावर होतो. बाई माझ्याशी 'मान खाली' यापलीकडे बोलत नव्हत्या, पण सराव एक दिवस चुकवला नाही. ऑगस्टची दमट हवा, अंगातून पाण्याच्या धारा, आणि खेळायला मिळेल की नाही याचा पत्ता नाही, तरी बाई एकेका फटक्यासाठी पन्नास-पन्नास चेंडू मारायच्या. मी चेंडू गोळा करून आणायचे. दुसरं काय करणार होते?

तेराव्या दिवशी त्यांनी मला संघटनेचा कागद दाखवला. मोबदला घेतलेला दिसत नाही, सबब खेळण्यास हरकत नाही. मी वाळूतच बसकण मारली.

"ऊठ," बाई म्हणाल्या. "अजून वीस चेंडू राहिलेत."

त्यांनी तो चषक जिंकला. एका फटक्याने, तिसऱ्या दिवशी, इतक्या वाऱ्यात की बाकीच्यांचे चेंडू भलतीकडे जात होते. फोनवर म्हणाल्या, "वारा छान होता. घरच्यासारखा." घर म्हणजे धाहरान, हे मला क्षणभराने कळलं.

त्या परत आल्यावर मी पेढे घेऊन गेले. "हे नियमात बसतात का?" बाईंनी चक्क दोन खाल्ले. मग म्हणाल्या, "त्या पत्राची प्रत त्यांनी मला पाठवली. गुरू सांगतो म्हणालीस ना? मग सांगते. इथल्या क्लबात दर डिसेंबरला महिलांची स्पर्धा होते, तिच्या विजेत्यांच्या फलकावर चौदा वर्षं माझंच नाव आहे. माझ्याशिवाय इथे कोणी राहतच नाही असं वाटतं. मला हरव. येता जानेवारी सोडून त्यापुढच्या जानेवारीत आमचं फायनल एग्झिट आहे, कायमचं परत जाणं, म्हणजे दोन डिसेंबर आहेत तुझ्याकडे."

"काहीतरीच काय!"

"आणि मी एक फटका जरी सोडला असं वाटलं, तर तक्रार कर."

जरा वेळाने त्यांनीच विचारलं, "दक्षिणा पोचली की गुरू काय म्हणतो?"

"काही म्हणत नाही. डोक्यावर हात ठेवतो."

"हं," बाई म्हणाल्या. त्या कधी कोणाला मिठीसुद्धा मारत नसत.

पहिल्या डिसेंबरात मी अकरा फटक्यांनी हरले. नाक कापल्यासारखं झालं. पुढच्या उन्हाळ्यात मी नाशिकला गेले नाही; सासूबाई दोन महिने फोनवर घुश्श्यात होत्या. देवदत्त आणि अवनी गेले, मी राहिले. पहाटे चारला उठायचे, कारण पाचला बाई यायच्या, आणि त्याआधी मला एकटीला तासभर हवा असायचा. त्यांना हरवायचं कसं हे त्याच मला शिकवत होत्या. स्वतःच्या खोडी सांगायच्या. "वारा उजवीकडून असला की मी घाबरते. तेव्हा गाठ मला." जून गेला, जुलै गेला, तळहाताला घट्टे पडले. गुरुपौर्णिमेला मी फक्त नमस्कार केला आणि काठी उचलली.

दुसऱ्या डिसेंबरात शेवटच्या ब्राउनवर आलो तेव्हा मी एका फटक्याने पुढे होते. बाईंचा चेंडू लांब होता, वीस पावलांवर. वाळू सारखी करायच्या फळ्याने त्यांनी चेंडूची वाट सपाट केली, वाकल्या, मारला. चेंडू तेलकट वाळूवर रेघ ओढत गेला आणि टप्पकन खड्ड्यात. कॅम्पातले लोक ओरडले. सोडलं-बिडलं म्हणायला बाईंनी जागाच ठेवली नाही.

आता मला पाच फुटांवरून घालायचा होता. चुकला तर बरोबरी, आणि जादा खेळात त्या मला सोलून काढणार हे नक्की. त्याच फळ्याने मी माझी वाट सारवली. कोणी 'मान खाली' म्हणालं नाही. मीच म्हणाले, मनात, आणि मारला. वर पाहिलं नाही. चेंडू खड्ड्यात पडल्याचा आवाज ऐकला.

बाईंनी टोपी काढली, रीतीप्रमाणे हात पुढे केला. मी तो हातात घेतला आणि मला राहवलंच नाही, त्या सगळ्या लोकांसमोर वाळूत वाकून नमस्कार केला. वाटलं, आता ओरडतील. काही ओरडल्या नाहीत. चाळीस वर्षांत कोणाकडून काही न घेतलेला तो हात माझ्या घामेजल्या डोक्यावर टेकला, आणि बराच वेळ तिथेच राहिला.