टेबलाच्या कडेवरचा स्क्रू

कॅमेरेवाली सात महिने घड्याळजींच्या दुकानातला एक कोपरा अडवून बसली होती. तिचा नियम एकच: जे घडतंय ते घडू द्यायचं, मध्ये तोंड घालायचं नाही. घड्याळजींनी पहिल्याच आठवड्यात तिची फिरकी घेतली होती, "या बाईंपेक्षा बंद पडलेली घड्याळं बरी. हलवली की टिकटिक तरी करतात."

आता घड्याळजींवरची फिल्म जवळजवळ तयार होती. बाहेर दाखवण्याआधी घरच्यांना दाखवावी म्हणून ती लॅपटॉप घेऊन त्यांच्याकडे आली होती. घड्याळजी खुर्चीत आणि शेजारी त्यांची सून, धुतलेल्या कपड्यांच्या घड्या घालत.

पडद्यावर घड्याळजी गुडघे टेकून टेबलाखाली चाचपडत होते. गिऱ्हाइकाच्या घड्याळाचा तिळाएवढा स्क्रू चिमट्यातून निसटला होता. वीस मिनिटं शोधूनही तो मिळाला नाही. त्याच संध्याकाळी त्यांनी दुकानाला कुलूप लावून किल्ली मुलाच्या हातात दिली होती. "डोळ्यांनी दगा दिला," एवढंच म्हणाले होते. चाळीस वर्षांचं दुकान त्या दिवशी बंद झालं.

"बघा बाबा, नातवाला लाजवाल असे रांगताय," सून हसली.

घड्याळजी पुढे वाकले. "थांबवा जरा. हे टेबल आधी धूसर होतं ना? एकदम लख्ख कसं झालं?"

कारागिराने कारागिराला विचारावं तसं विचारलं त्यांनी. कॅमेरेवाली खुलली. "हाताने. लेन्सवर कडं असतं, ते फिरवलं की हवं तेवढंच स्पष्ट दिसतं. आपोआप नाही होत काका, आधी आपल्याला दिसावं..."

तिची नजर पडद्यावर गेली.

टेबलाच्या कडेवर स्क्रू लख्ख दिसत होता. सहा सेकंद. मग कडं उलटं फिरलं होतं आणि मागचा त्यांचा घामेजलेला चेहरा स्पष्ट झाला होता. हा शॉट तिने आपल्या किती सहकाऱ्यांपुढे मिरवला होता! या खोलीत मात्र तिला मान वर करवेना.

सुनेच्या हातातली घडी मोडली. "म्हणजे तुम्हाला दिसत होता?"

"हो."

"नुसतं बोट दाखवलं असतंत तरी..."

"आमच्या कामात..." तिने सुरुवात केली आणि सोडून दिली. "काका, मी हा भाग काढून टाकते."

"कशाला? चांगला आलाय." घड्याळजींच्या आवाजात राग नव्हता. असता तर तिला निमूट ऐकून घेता तरी आलं असतं. "पण मग गेला कुठे तो?"

तिला ठाऊक होतं.

"निघताना तुम्ही टेबल पुसलंत. फडकं केराच्या डब्यात झटकलंत."

"तेही घेतलंय?"

तिने मान हलवली.

"लावा मग," म्हणत घड्याळजींनी खुर्ची पडद्याजवळ ओढली.