मोर्जान कोण?

माझ्या पोटात गोष्ट राहत नाही, हे मार्सेयच्या बेल द मे वस्तीत कुणालाही विचारा. माझ्या सलूनमध्ये सकाळी एखादीच्या केसांना रंग लागला, की तो वाळायच्या आत तिच्या जावयाची भानगड चौकातल्या पाववाल्यापर्यंत पोचलेली असते. मी मुद्दाम करत नाही. हात चालू असले की तोंडही चालतं. पण ही एक गोष्ट मी नऊ वर्षं कुणालाही सांगितली नाही. आता सांगतेय, कारण आता तिने कुणाचं काही बिघडणार नाही.

लेक झाली तेव्हा मी सदतीस वर्षांची होते आणि लग्नाला अकरा वर्षं झाली होती. इतकी वाट पाहायला लावून आलेल्या पोरीचं नाव आम्ही पाचव्या महिन्यातच ठरवून ठेवलं होतं. इनेस. फ्रेंच शाळेतही चालेल, अल्जीरियातल्या आत्या-मावश्यांनाही चालेल. आमच्या जिन्यात तीन इनेस होत्या, पण मला त्याचं काही नव्हतं.

आमच्यात पहिल्या मुलीला आजीचं नाव देतात, वडिलांच्या आईचं. सासूबाई यमिना आमच्याच इमारतीत दोन मजले वर राहायच्या. सातव्या महिन्यात मी त्यांना तोंडावर सांगून टाकलं, "लाल्ला, राग मानू नका, पण यमिना मी ठेवणार नाही. फार जुनं आहे."

त्या वाटाणे सोलत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "नकोच ठेवू. ते नाव कुणालाच लागायला नको."

मला वाटलं, टोमणा मारला. आमचं जमायचं नाहीच. अकरा वर्षं त्यांनी माझ्या कुसकुसात मीठ कमी आहे हे न बोलता, नुसतं मिठाचं भांडं जवळ ओढून सांगितलं होतं. त्या दिवसापासून त्यांनी नावाचा विषय काढला नाही आणि मीही नाही.

तर लेक झाली. संध्याकाळी माझा नवरा नोर्दिन तिला मांडीवर घेऊन बसला होता. हा माणूस बस चालवतो आणि घरात कोणता शर्ट घालू ते मला विचारतो. पडद्यांचा रंग, सुट्टीचं गाव, दातांचा डॉक्टर, सगळं मी ठरवते. तो पोरीकडे बघत म्हणाला, "आपण मोर्जान ठेवू या."

"काय?"

"मोर्जान. पोवळं. अरबीत चांगलं, फ्रेंचमध्ये कानाला गोड. शाळेत कुणी चुकीचं म्हणणार नाही. आणि पोवळं पाण्यातून बाहेर काढलं तरी त्याचा रंग उतरत नाही."

नोर्दिन कुठल्याही गोष्टीचं एक कारणसुद्धा धड देत नाही. इथे त्याने ओळीने चार दिली होती. आणि ते शेवटचं, रंग उतरत नाही वगैरे, ते त्याचं नव्हतंच. ते कुणीतरी त्याला सांगितलेलं होतं. टाके दुखत असतानाही माझ्या मनात पाल चुकचुकली.

"कोण आहे ही?" मी विचारलं.

"कोण?"

"मोर्जान."

"आपली मुलगी," तो म्हणाला आणि त्याचे कान लाल झाले.

दुसऱ्या दिवशी आई आली. माझी आई झुबिदा म्हणजे एक स्वतंत्र पोलीस ठाणं आहे. मी तिला सांगितलं तेव्हा तिने डबा उघडायचं थांबवलं.

"बाहेरून आणलेलं नाव," ती म्हणाली. "पुरुष अशी नावं रस्त्यावर शोधत नाहीत, फादिला. अशी नावं त्यांना कुणाच्या तरी दारात सापडतात."

"यम्मा, गप्प बस."

"मी गप्प बसते. तू त्याचा फोन बघ."

फोन मी आधीच बघितला होता. त्यात काही नव्हतं, आणि त्याने माझा संशय उलट वाढला. ज्याच्या फोनमध्ये काहीच नाही, असा नवरा मी सलूनमध्ये आजवर ऐकलेला नव्हता.

आईने तिसऱ्या दिवशी खजूर भरलेले रव्याचे मकरूट तळले, ताट घेतलं आणि बस आगारातल्या एका ड्रायव्हरच्या बायकोकडे गेली. परत आली ती चेहऱ्यावर आनंद लपवत.

"मोर्जान नावाची तिथे कुणी नाही. पण ऐक. तुझा नवरा दर दुसऱ्या गुरुवारी अर्धा दिवस रजा घ्यायचा. चार वर्षं. कुणाला सांगत नव्हता कुठे जातो ते. आणि या फेब्रुवारीपासून एकदम बंद."

गुरुवारी तो मला सांगायचा की जादा फेरी आहे. चार वर्षं मी गुरुवारी त्याचं जेवण झाकून ठेवत आले होते.

मग मी सगळं नीट जुळवलं. चार वर्षं एक बाई होती. फेब्रुवारीत संपलं, किंवा ती गेली. आणि आता तिची आठवण म्हणून माझ्या पोरीला आयुष्यभर तिच्या नावाने हाक मारायची. म्हणजे मीच मारायची, दिवसातून पन्नास वेळा. मला इतका संताप आला की पोर रडायला लागली.

खरी अडचण वेगळीच होती. नाव मला आवडलं होतं.

इस्पितळातली नर्स, पांढऱ्या केसांची फ्रेंच बाई, पाळण्यावर लावायचा कागद घेऊन आली. मी नुसतं बघायचं म्हणून म्हटलं, "मोर्जान." तिने पुन्हा विचारलं नाही. "किती गोड," म्हणाली, "समुद्रावरून आल्यासारखं," आणि पहिल्या झटक्यात बरोबर लिहिलं. मी फादिला. या देशात जन्मूनही मला फाबिला, फातिया, आणि एका मास्तरांनी तर वर्षभर नुसतं फाफा म्हटलेलं आहे. तो कागद मी दुपारभर बघत राहिले. पोर जागी झाली की हळूच म्हणायचे, मोर्जान. जिभेवर कसं वळतं ते बघायचे. आणि लगेच स्वतःचाच राग यायचा.

इथे नगरपालिकेत पाच दिवसांत नाव नोंदवावं लागतं, नाहीतर कोर्टाची पायरी. नोंदवायला बाप जातो. पण त्याला आमची कुटुंबपुस्तिका लागते, आणि ती मी उशीखाली ठेवली होती. पाचव्या दिवशी सकाळी, आम्ही घरी आल्यावर, तो माझ्यासमोर उभा राहिला.

"पुस्तिका दे."

"आधी सांग. हे एखाद्या बाईचं नाव आहे का?"

खोटं बोलला असता तर मी समजू शकले असते. पण तो म्हणाला, "हो."

"तू गुरुवारी तिच्याकडे जायचास?"

त्याने दाराच्या चौकटीला हात धरला. "तुझ्या आईने तोंड उघडलं वाटतं. हे बघ, तुला वाटतंय तसं नाही. मी शपथ घेतलीय, फादिला. वडिलांच्या कबरीवर. मला सांगता येणार नाही."

"बायकोला?"

"तुला तर नाहीच," तो म्हणाला. मग खालच्या आवाजात, "तू नको म्हणत असशील तर मी आत्ता जाऊन इनेस लिहून येतो. परत हे नाव काढणार नाही."

मी त्याला पुस्तिका दिली आणि म्हटलं, "मोर्जान लिही."

तो आनंदाने रडायचाच बाकी होता. त्याला काय माहीत, मी काय ठरवलं होतं ते. आमच्यात सातव्या दिवसापर्यंत नाव घराबाहेर उच्चारत नाहीत, नजर लागते म्हणून. सातव्या दिवशी सगळे जमले की मोठ्याने जाहीर करायचं. म्हणजे इस्पितळ आणि नगरपालिका सोडली तर तोवर पोरीचं हे नाव फक्त आम्हा तिघांना माहीत होतं, मला, त्याला आणि माझ्या आईला. मी ठरवलं, त्या दिवशी नोर्दिनच्या ओळखीची झाडून सगळी बायकामाणसं बोलवायची. आगारातली, इमारतीतली, त्याच्या शाळेतली. नाव मी स्वतः पुकारणार, आणि प्रत्येकीच्या चेहऱ्याकडे बघणार. जिचा चेहरा फिरेल ती. नाहीतर तिला ओळखणारी तरी कुणी सापडेलच. मग सगळ्यांसमोर काय ते होऊ दे. पोर घेऊन आईकडे जायची माझी तयारी होती. बॅग मी भरून कपाटात ठेवली होती.

सातव्या दिवशी दुपारी घरात पंचवीस बायका होत्या. बोकड खाली अंगणात शिजत होता. सासूबाई सकाळपासून स्वयंपाकघरात तमिना करत होत्या, भाजलेला रवा, तूप आणि मध. बाळंतिणीला आणि पाहुण्यांना तोच द्यायचा असतो. मला त्या दिवशी त्यांनी एकच प्रश्न विचारला होता, मध कुठे आहे. नाव विचारलं नाही.

नोर्दिन दाराशी बापे मंडळींबरोबर उभा होता. त्याने नवा शर्ट घातला होता, मला न विचारता. माझी आई माझ्या खांद्याशी येऊन कुजबुजली, "डावीकडे मी बघते. उजवीकडे तू."

आगारातली तिकीट तपासणारी उंच मुलगी होती, ओठ रंगवलेली. तिच्यावर मी डोळा ठेवला होता. पलीकडे हूरिया, जी पेन्शनच्या कचेरीत खिडकीवर बसते आणि कुणाच्या कागदात काय आहे हे चवीने सांगते. पोरीला पांढऱ्या दुपट्यात घेऊन मी उभी राहिले. बोलणं थांबलं. मी मोठ्याने, भिंतींना ऐकू जाईल असं म्हटलं,

"मोर्जान!"

आणि स्वयंपाकघरातून आवाज आला, "आले!"

तो आवाज आमच्या सासूबाईंचा होता आणि नव्हताही. अकरा वर्षांत मी त्यांना कधी घाईने बोलताना ऐकलं नव्हतं. गुडघे दुखतात म्हणून दारापर्यंत यायला ज्यांना दोन मिनिटं लागायची, त्या बाई पीठभरले हात झग्याला पुसत पळत बाहेर आल्या, कामात असलेल्या मुलीला आईने हाक मारावी तशा. खोलीच्या मधोमध येऊन थांबल्या. पंचवीस बायका त्यांच्याकडे बघत होत्या.

उंच मुलगी शांतपणे बदाम खात होती.

"तुला कुणी बोलावलं, यमिना?" माझी आई म्हणाली. "नातीचं नाव पुकारलंय."

सासूबाईंचा चेहरा पांढरा पडला. इतकं भ्यायलेलं माणूस मी बघितलेलं नाही. त्या माझ्याकडे बघत नव्हत्या, नोर्दिनकडेही नाही. त्या हूरियाकडे बघत होत्या. आणि हूरियाने मान वर केली होती, तिच्या भुवया वर गेल्या होत्या.

नोर्दिनने डोळे मिटून घेतले.

मला सगळं कळलं असं मी म्हणणार नाही. पण केस हा माझा धंदा आहे, आणि मला केस आठवले. चार वर्षं सासूबाई गुरुवारी हम्मामला, बायकांच्या सार्वजनिक न्हाणीघरात, जायच्या आणि येताना त्यांचे केस कोरडे असायचे. साबणाचा वास नाही, मेंदीचा नाही. मला वाटायचं म्हातारी पैसे वाचवते, नुसती गप्पा मारून येते. फेब्रुवारीपासून गुडघ्याचं निमित्त करून त्यांनी जाणं सोडलं. आणि ते वाटाणे सोलताना बोललेलं वाक्य. ते नाव कुणालाच लागायला नको.

हूरिया तोंड उघडणार एवढ्यात मी म्हणाले, "मीच बोलावलं त्यांना. म्हटलं नाव घेताना आजी शेजारी पाहिजे. आतापासून मला सवय लावायचीय, नातीला हाक मारली की आजीने धावायचं!"

बायका हसल्या. आईने माझ्याकडे असं बघितलं, जणू मी वेडी झालेय. कुणीतरी आनंदाचा चित्कार काढला, मग सगळ्यांनी काढला, आणि हूरियाने पुन्हा ताटातला मकरूट उचलला.

मी पोरीला घेऊन स्वयंपाकघरात गेले. सासूबाई ओट्याला धरून उभ्या होत्या. नोर्दिन मागोमाग आला. "मी तिला सांगितलं नाही, आई. खरंच."

"माहीत आहे," त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे वळल्या आणि हळू आवाजात, रव्याकडे बघत, सांगून टाकलं. अल्जीरियाच्या किनाऱ्यावर एल काला गावाबाहेर त्यांचं घर. वडील पोवळ्याच्या होड्यांवर वल्हं मारायचे. यमिना ही सासूबाईंची मोठी बहीण, चार वर्षांची होऊन तापाने गेली. पुढच्याच महिन्यात या जन्मल्या. वडिलांनी नाव ठेवलं मोर्जान, पण फ्रेंच कचेरी दिवसभराच्या वाटेवर होती आणि मेलेल्या पोरीचा जन्माचा कागद घरात धड पडला होता. कशाला पुन्हा जायचं? तो कागद यांना दिला. त्याच कागदावर शाळा, लग्न, बोट, मार्सेय, राहायचा परवाना आणि नवऱ्यामागची पेन्शन.

"सासष्ट वर्षं मी बहिणीच्या नावावर जगतेय," त्या म्हणाल्या. "हूरियासारखीला कळलं तर माझं या देशात काही उरणार नाही. आमच्या गावची वार्दा मार्तीगच्या वृद्धाश्रमात होती, लहानपणची मैत्रीण. तिलाच तेवढं माहीत. नोर्दिन मला गुरुवारी न्यायचा. दोन तास ती मला मोर्जान म्हणायची. फेब्रुवारीत तीही गेली." त्यांनी झग्याच्या बाहीने नाक पुसलं. "माझे वडील म्हणायचे, पोवळं पाण्यातून काढलं तरी त्याचा रंग उतरत नाही. मीच याला शपथ घातली. तुला नको सांगू म्हटलं. तुझं सलून..."

मला फार लागलं ते, कारण खरं होतं.

बाहेर माझी आई ओरडत होती, तमिना कुठे राहिली म्हणून. कपाटात माझी बॅग भरलेली होती. नोर्दिन माझ्याकडे, कोणता शर्ट घालू विचारताना बघतो तसाच, बघत होता.

मी पोरीला सासूबाईंच्या हातात दिलं. ती गाढ झोपली होती. मग स्वयंपाकघराचं दार नीट लावून घेतलं, कडीही घातली, आणि हाक मारली, "मोर्जान."

पोर हलली नाही.

"आले," सासूबाई म्हणाल्या. या वेळी त्यांनी दाराकडे बघितलं नाही.